नाणू माषांचा फ्लॅशबॅक

१२ फेब्रुवारी
आजपासून उपास. ईस्टरपर्यंत घरात बीफ नाही, मटण नाही, अंडंसुद्धा नाही. सकाळी तांदळाचा पुट्टू आणि काळ्या चण्यांची आमटी. दुपारी भात आणि तीच आमटी. बायकोला, त्रेस्याला, विचारलं, संध्याकाळी काय. म्हणाली, भांडं अजून रिकामं झालेलं नाही.

तसाही मला सगळ्याचाच वीट आलाय. काल मुजीबचा फोन होता. मुजीब म्हणजे प्रॉडक्शन कंट्रोलर, सिनेमाला माणसं, गाड्या, जेवण आणि थापा पुरवणारा. म्हणाला, एनासु चेट्टा (म्हणजे एनासुदादा), फक्कड रोल आहे, दगडखाणीचा मालक. इंटरव्हलच्या आत तीन खून, हिरोच्या गुरुजींना कड्यावरून ढकलायचं, आणि क्लायमॅक्सला स्वतःच्याच क्रशरमध्ये पडायचं.

एकतीस वर्षं हेच चाललंय. दारूचा ठेकेदार, लाचखाऊ फौजदार, दुष्ट काका, पुन्हा दारूचा ठेकेदार. मला दरीत ढकललंय, जीपखाली घातलंय, नारळ सोलायच्या पहारीवर आपटलंय. थपडा तर मोजल्याच नाहीत. शी. हे काय आयुष्य आहे?

आमचं लग्न झालं त्या वर्षी त्रेस्याला आणि सासूबाईंना मोठ्या हौसेने सिनेमाला नेलं. नवा जावई पडद्यावर बघायचा म्हणून सासूबाईंनी ठेवणीतला शेला काढला होता. तिसऱ्या रिळात मी पोटुशा बाईला जिन्यावरून लाथ मारली. सासूबाई उठून गेल्या. त्यानंतर मरेपर्यंत त्यांनी मला स्वतःच्या हाताने वाढलं नाही, ताट दुसऱ्याकडून सरकवायच्या. आणि त्रेस्याने अंतोणी पुण्याळन्‌पुढे, म्हणजे आमच्या देवळातल्या संत अँथनीपुढे, नवस बोलला की नवऱ्याने चांगल्या माणसाचं काम केल्याशिवाय थिएटरची पायरी चढणार नाही. आजतागायत चढलेली नाही. बायका नवऱ्याच्या भरभराटीसाठी नवस बोलतात. हिने बहिष्कार बोलला.

संकल्प: खलनायकी बंद. त्रेस्याला एकदा तरी थिएटरात माझ्या शेजारी बसवायचं, आणि समोर पडद्यावर मी चांगला माणूस. एवढं झालं की मी मरायला मोकळा.

१४ फेब्रुवारी
मुजीबला नाही म्हणून सांगितलं. आवाज शांत ठेवला. तो म्हणाला, चेट्टा, तब्येत बरी आहे ना? मी म्हटलं, मी आता चारित्र्याकडे वळलोय. तो म्हणाला, शूटिंग ओणमनंतर आहे, तोपर्यंत खाण तुमच्या नावावर ठेवतो. हवा तेवढा वेळ ठेव म्हणावं.

१७ फेब्रुवारी
चांगुलपणाची प्रॅक्टिस सुरू केली. एस.टी. स्टँडवर एक पोर रडत होतं. खिशातून लिमलेटची गोळी काढली, वाकलो, आणि हसलो.

पोराच्या आईने माझ्याकडे पाहिलं, पोर काखोटीला मारलं आणि समोर उभ्या असलेल्या बसमध्ये चढली. बस गुरुवायूरची होती. बाईला चालकुडीला जायचं होतं, हे तिनेच आधी दोघांना सांगितलेलं मी ऐकलं होतं. मग कंडक्टर आला, मग रिक्षावाले आले. त्यातला एक म्हणाला, एनासु चेट्टा, तुम्ही नुसते उभे राहा हो, हसू नका.

या लोकांना कला आणि जगणं यातला फरक कळत नाही. गोळी मीच खाल्ली. उपासाला चालते की नाही, विचारलं नाही.

२ मार्च
आला. फोन आला. याला म्हणतात संकल्पाचं बळ.

सानोज नावाचा असोसिएट डायरेक्टर. आवाज अगदी कोवळा, सिनेमा मोठा. रोल: नाणू माष. निवृत्त शाळामास्तर, हिरोचे वडील. साधा, सज्जन, देवमाणूस. मी विचारलं, सिनेमाभर आहे ना? तो म्हणाला, सर, घरातल्या प्रत्येक सीनमध्ये तुम्ही आहात. सगळं घर तुमच्या छायेखाली आहे. मी विचारलं, डायलॉग? तो थोडा घुटमळला. म्हणाला, सर, डायलॉग असे नाहीत, चेहरा बोलला पाहिजे. मी विचारलं, तारखा किती? तो म्हणाला, एका सकाळचं काम.

हे मात्र मानलं पाहिजे. बाकीच्या नटांना चाळीस दिवस लागतात. मी पहिल्या टेकमध्ये देतो, हे नव्या पोरांच्याही कानावर गेलेलं दिसतं.

३ मार्च
त्रेस्याला सांगितलं. ती वाल मोडत होती. हात थांबवला नाही.

विचारलं, कुणाला मारता? नाही म्हटलं. दारू पिता? नाही. बाया? मी म्हटलं, अगं शाळामास्तर आहे. म्हणाली, तुमच्या सिनेमात शाळामास्तरही असतात तसले. मी म्हटलं, देवमाणूस आहे. मग बराच वेळ वाल मोडून झाल्यावर म्हणाली, मग करतो काय तो? मी म्हटलं, असतो.

तिने वाल उचलले आणि आत गेली. पण संध्याकाळी पेटीतून कसवाची, म्हणजे सोनेरी काठांची, साडी काढून उन्हाला टाकली होती, तेव्हा ऊन कधीच गेलेलं होतं. सिनेमा ओणमला येणार आहे, हे मी सांगितलं होतं. आत्ता कुठे मार्च.

९ मार्च
काम झालं. म्हणजे लुक टेस्ट झाली. स्वतःचा मुंडू, म्हणजे पांढरी लुंगी, आणि पांढरा शर्ट घालून या म्हणाले. रिअॅलिझम. डायरेक्टरने डोक्यावर अंबाडा बांधला होता. पूर्वी डायरेक्टर घामट असायचे, शिव्या द्यायचे, पण अंबाडा नसायचा. किळस आली, पण नाणू माषांना किळस येत नाही म्हणून गिळली.

खुर्चीवर बसवलं, मागे निळा पडदा. फोटोग्राफर म्हणाला, सर, प्रेमळ हसा. हसलो. तो म्हणाला, यात थोडी धमकी येतेय. पुन्हा हसलो. म्हणाला, आता खंडणी मागताय असं वाटतंय. अंबाडा म्हणाला, सर, घरच्या माणसाची आठवण काढा. त्रेस्याची आठवण काढली, चण्यांची आमटी आठवली, आणि तो फोटो तर पोलीस स्टेशनच्या भिंतीवर लावण्यासारखा आला. एक तास गेला. मी त्यांना सांगितलं की तुमच्या लेन्सचा दोष आहे. नाचता येईना अंगण वाकडं, हे त्यांच्यापैकी कुणीतरी हळूच बोललं. कोण ते कळलं नाही.

मग युनिटचं जेवण आलं. समोरून एक माणूस बीफ रोस्टचं पातेलं घेऊन गेला. नुकतं उतरवलेलं, वर खोबऱ्याचे काप, कढीपत्ता. जवळजवळ महिनाभर मी त्या वासाला पारखा झालो होतो. माझं लक्ष त्या पातेल्याकडे गेलं, आणि फोटोग्राफर ओरडला, मिळालं. सगळे मॉनिटरभोवती गोळा झाले. अंबाड्याच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाला, हीच ती करुणा.

उठून पातेल्यापर्यंत गेलो, हसलो, दोन शब्द बोललो. एक पोरगी मोबाइलवर शूटिंग करत होती. बीफ खाल्लं नाही. (एक तुकडा. त्यात बहुतेक खोबरंच होतं.)

१० मार्च
देवळातून बाहेर पडताना लोनप्पनला सांगितलं. लोनप्पन आमच्या देवळाचा ट्रस्टी, शेजारी, आणि जन्मजात कुजकट. म्हणाला, तू आणि सज्जन? मग क्लायमॅक्सला मुखवटा काढतोस ना? मी म्हटलं, मुखवटा नाहीच. तो म्हणाला, मग सिनेमा पडला. दर वर्षी गुड फ्रायडेच्या नाटकात मला जुदास देणारा हाच माणूस. नाणू माषांनी त्याला क्षमा केली असती. मी उद्या करीन.

३१ मार्च
ईस्टर. बीफ, बदक, अप्पम, पुन्हा बीफ. लिहिण्याच्या परिस्थितीत नाही.

१९ एप्रिल
सेटवर जाऊन आलो. बोलावलं नव्हतं. पण मोठे नट बोलावण्याची वाट बघत बसत नाहीत. (बसत नाहीत, कारण त्यांना बोलावतात.)

महिनाभर रोज मुंडू इस्त्री करून तयार. शाळामास्तराची चाल बसवली, खडू धरायची बोटं बसवली. फोन नाही. म्हटलं, पोरं लाजत असतील. दोन बस बदलून गेलो. जुनं कौलारू घर, अंगणात व्हॅन, छत्र्या, केबलींचा गुंता. सानोज मला बघून दचकला. म्हणाला, सर, तुम्ही? मी म्हटलं, चला, मी तयार आहे.

आत गेलो. आणि समोर भिंतीवर मी. मोठी चौकट, चंदनाचा हार, खाली छोटा लाल बल्ब. तोच फोटो, बीफ बघतानाचा. खरं सांगायचं तर छान दिसत होतो. कुणालाही वाटलं असतं की या माणसाने आयुष्यात मुंगीसुद्धा मारली नाही.

फोटोपुढे तंकमणी चेची, म्हणजे तंकमणीताई. त्या हिरोची आई करतायत, म्हणजे माझी बायको. याच त्या जिन्यावर माझी लाथ खाल्लेल्या. त्यानंतर मी त्यांना विहिरीत ढकललंय, आणि दोन सिनेमांत झिंज्या धरून अंगणभर ओढलंय. चेची म्हणाल्या, एनासु, तीस वर्षं माझे केस उपटलेस, आणि आता रोज सकाळी आंघोळ करून तुलाच फुलं वाहायची. माझं मेलीचं नशीबच असलं. मग डोळे मिटून हात जोडायचा शॉट दिला. काय रडल्या. माझ्यासाठी आजवर कुणी असं रडलेलं नाही, माझ्यामुळे पुष्कळ जणी रडल्या असतील.

अंबाड्याला विचारलं, माझा सीन केव्हा? तो अदबीने उठला आणि म्हणाला, सर, तुम्ही तर पहाटेपासून शॉटमध्ये आहात.

परतताना बसमध्ये विचार केला. क्षणभर, खोटं का बोलू, फसलो असं वाटलं होतं. पण मी या धंद्यात मुरलेला माणूस आहे. मलयाळम सिनेमात भिंतीवर हार घातलेला फोटो टांगला की फ्लॅशबॅक येतोच येतो. मी स्वतः किती जणांना फोटोत घातलंय. एकूण एकाला फ्लॅशबॅक मिळाला. त्या फ्लॅशबॅकमध्ये त्यांना मारायला मीच असायचो. म्हणजे माझ्याइतका या विषयातला जाणकार दुसरा नाही.

तेव्हा हे उघड आहे. आधी फोटो, मग फ्लॅशबॅक. दुसऱ्या शेड्यूलमध्ये बोलावतील. वीस मिनिटं तरी. पावसातलं एखादं गाणं असेल. त्रेस्याला फोटोचं सांगितलं नाही, सरप्राइज राहू दे.

२३ मे
मौनाचा अभ्यास चालू. नाणू माष डोळ्यांनी बोलतात म्हणून मी घरात सकाळपासून दुपारपर्यंत तोंड उघडत नाही. त्रेस्याला हा रोल फार आवडलेला दिसतो. काल विचारत होती, हे असं सिनेमा येईपर्यंतच का?

मुजीबचा पुन्हा फोन. खाणीच्या मालकाला आता एक हेलिकॉप्टरही मिळालंय म्हणे. मी म्हटलं, मुजीब, त्या दरीत मी आता उतरणार नाही. म्हणाला, चेट्टा, तुमच्यासारखं मरणारं दुसरं माणूस नाही इंडस्ट्रीत, क्रशरमध्ये हे परफ्यूमवाले कोवळे व्हिलन मला पाडवत नाहीत. कौतुकाने घसरणारा मी नव्हे. तरी फोन ठेवताना थोडं हसलो, जुनं हसू. शेजारच्या घराची खिडकी बंद झाली.

११ जुलै
दुसरं शेड्यूल संपलं. पॅकअप झालं. सानोजने सगळ्यांना मेसेज पाठवला त्यात मीही होतो: सहकार्याबद्दल आभारी.

मला बोलावलं नाही.

दुपारी जेवलो नाही. उलटसुलट विचार केला. त्रेस्या विचारत होती, दुखतंय का कुठे. आणि मग संध्याकाळी, चहा पिता पिता, डोक्यात लख्ख उजेड पडला. त्या दिवशी मोबाइलवर शूटिंग करणारी ती पोरगी. मी उठलो, चाललो, हसलो, पातेल्याशी बोललो. नटाला कळू न देता पकडायचं, हीच तर या अंबाडेवाल्यांची पद्धत. नॅचरल, नॅचरल म्हणून जीव खातात ते हेच. फ्लॅशबॅक तेव्हाच झाला. आणि मला वाटलं, लुक टेस्ट आहे.

काय दिलंय मी त्या सीनमध्ये, आता आठवलं तर अंगावर काटा येतो. तरी मी त्यांच्यावर रागावलोय. सांगायला काय झालं होतं, मी अजून नॅचरल वागलो असतो.

२७ ऑगस्ट
आज मी वारलो. सविस्तर लिहितो, कारण राग अजून उतरलेला नाही.

सकाळी पुट्टू खात होतो. देवळाची मयताची घंटा झाली. त्रेस्या म्हणाली, कोण गेलं? मी म्हटलं, औसेपची आई असेल, कधीची टेकलीच होती. घास तोंडात घालतो तोच अंगणात टेम्पो थांबला. चार माणसं उतरली, त्यांनी ताडपत्री बांधायला घेतली आणि प्लास्टिकच्या खुर्च्या मांडल्या. आमच्या गावात माणूस गेला की घरचे रडायला लागायच्या आत खुर्च्या येतात. मागोमाग लोनप्पन, गंभीर चेहरा, हातात फुलांचं चक्र. मला दारात बघितलं आणि म्हणाला, अरे, तू इथे काय करतोयस?

मी म्हटलं, नाश्ता.

झालं होतं असं. सिनेमावाल्यांनी प्रसिद्धीसाठी चौकाचौकांत फ्लेक्स लावलेत. काळी चौकट, माझा हार घातलेला फोटो, वर ठळक अक्षरात ‘भावपूर्ण श्रद्धांजली’, खाली ‘तुमची सावली सदैव आमच्यावर राहो’. आणि अगदी तळाला, मुंगीएवढ्या अक्षरात, नाणू माष, ओणमला जवळच्या थिएटरात. गावाने नेहमीप्रमाणे चौकट आणि फोटो बघितला आणि पुढची कामं सुरू केली. इथे श्रद्धांजलीचे फ्लेक्स कुणी खालपर्यंत वाचत नाही, कोण गेलं ते बघतात आणि मयत कधी ते विचारतात.

लोनप्पनला वाईट वाटलं नाही, त्रास झाला. म्हणाला, आता या चक्राचं काय करू? मागून आलेले आठ-दहा जण चहा घेऊन गेले. त्यातला एक म्हणाला, मेलेले वाटत नाही हो, फोटोत जास्त बरे दिसता. तिघे तर खुर्च्यांवर बसून पार्किंगवरच बोलत होते. एवढी वर्षं पडद्यावर मेलो, दर वेळी शिट्ट्या तरी वाजायच्या.

त्रेस्या मात्र विचित्र वागली. कुणाशी बोलली नाही. विळी घेऊन भर उन्हात चौकात गेली आणि सगळ्यांदेखत फ्लेक्स फाडला. मग दुसऱ्या चौकातला. घरी आली, हात धुतले, आणि माझ्या कपाळावर अंगठ्याने क्रूस काढला, लहान पोराला काढतात तसा. मी म्हटलं, बरोबर आहे तुझं, नाव फारच बारीक अक्षरात टाकलंय. तिने ऐकलं नसावं.

तिला समजावलं. म्हटलं, हा नुसता फोटो, सुरुवातीपुरता. पुढे फ्लॅशबॅकमध्ये मी जिवंत आहे, चालतो, हसतो. म्हणाली, नक्की? मी म्हटलं, माझ्यावर शूट झालाय.

१२ सप्टेंबर, संध्याकाळ
पहिला दिवस, पहिला शो, चालकुडी. त्रेस्याने ती कसवाची साडी नेसली होती आणि केसांत मोगरा. थिएटरच्या पायरीवर क्षणभर थांबली, आत पाऊल टाकताना क्रूस केला. एकतीस वर्षांनी ही बाई माझ्या शेजारी बसली. माझा हात धरला नाही, पण कोपर खुर्चीच्या हातावर माझ्या कोपराला लागून ठेवलं. मी हललो नाही.

दिवे गेले. पहिलीच फ्रेम: काळोख, मग लाल बल्ब, मग हार, मग मी. पडदाभर. तंकमणी चेची निरांजन ओवाळतायत, शंख वाजतोय. एवढा मोठा क्लोजअप मला उभ्या आयुष्यात कुणी दिला नव्हता. माझा ऊर भरून आला.

त्रेस्या उठली. पाय तुडवत, लोकांना बाजूला करत बाहेर गेली. मला वाटलं, बाथरूम. म्हटलं, येईल, फ्लॅशबॅक अजून लांब आहे.

मी बसून राहिलो. हे लिहायला नको होतं, पण लिहिलंय तर असू दे. मी तिच्यामागे गेलो नाही.

सानोज खोटं बोलला नव्हता. घरातल्या प्रत्येक सीनमध्ये मी आहे. हिरो भांडतोय, मागे मी. बहीण पळून चाललीय, मागे मी, जरा धूसर. एका गंभीर सीनमध्ये माझ्या कपाळावरून पाल गेली आणि सगळं थिएटर हसलं. इंटरव्हलला फ्लॅशबॅक आला नाही. म्हटलं, सेकंड हाफ. त्रेस्याची खुर्ची रिकामीच होती, तिच्यावर एक माणूस पॉपकॉर्नची पिशवी ठेवत होता. मी त्याला जुनी नजर दिली, त्याने पिशवी उचलली.

शेवटी हिरोने घर विकलं. फोटो भिंतीवरून काढला, हार बाजूला केला, वर्तमानपत्रात गुंडाळला आणि डिकीत ठेवला. डिकी बंद. संपलं.

लोक उठले. मी उठलो नाही. हल्ली नावं संपल्यावरही सीन टाकतात. माझं नाव नटांमध्ये नव्हतं. अगदी शेवटी आभाराच्या यादीत होतं, नारळ काढून देणाऱ्याच्या आणि चहाच्या टपरीच्या मध्ये. नंतर झाडूवाली आली.

बाहेर स्कूटरच्या स्टँडपाशी कट्ट्यावर त्रेस्या बसली होती. सगळा सिनेमाभर तिथेच. मोगरा पिवळा पडला होता. मला इतका संताप आला. म्हटलं, तीस वर्षं चांगला माणूस दाखवा म्हणालीस, दाखवला, तर पाच मिनिटं तुला बसवलं नाही.

ती म्हणाली, तुम्ही माणसं मारायचात म्हणून मी येत नव्हते. पण माणसं मारून संध्याकाळी घरी यायचात आणि पाय न धुता आत यायचात आणि मी ओरडायचे. आज एवढ्या वर्षांनी आले, आणि तुम्हाला हार. दुसरी बाई तुमच्यापुढे निरांजन लावतेय. मला वाटलं, हे असंच दिसणार आहे, याच साडीत, कधीतरी. आणि तुम्ही त्या अंधारात बसलात ते बसलातच.

मी म्हटलं, फ्लॅशबॅक येईल असं वाटलं होतं.

बसने आमच्या फाट्यावर आलो. उतरताना म्हणाली, त्या मुजीबला फोन करा. खाणवाला व्हा. ज्याला कड्यावरून ढकलायचं त्याला ढकला. मी येईन बघायला. नवसाचं मी बघते, अंतोणी पुण्याळन्‌ला मी समजावीन.

१७ सप्टेंबर
ओणम आटोपलं. आज मुजीबला फोन केला. त्रेस्यालाही ऐकू यावं म्हणून स्पीकरवर ठेवला. कधी नव्हे ती कामं सोडून समोर येऊन बसली होती.

मी म्हटलं, मुजीब, मी एनासु. तो म्हणाला, या अल्ला, चेट्टा, तुम्ही आहात? गेल्या महिन्यात त्याने फ्लेक्स बघितला होता. सगळ्या युनिटने माझ्यासाठी एक मिनिट उभं राहून शांतता पाळली, फाइट मास्टर तर रडले म्हणे. आणि खाण दुसऱ्याच दिवशी एका परफ्यूमवाल्याला दिली. अॅडव्हान्स गेलाय, हेलिकॉप्टरसकट सगळं त्याच्या मापाने झालंय. तेलही गेलं तूपही गेलं, हाती धुपाटणं आलं. त्रेस्याकडे बघायचं धाडस झालं नाही.

मुजीब चांगला माणूस. त्यालाच वाईट वाटलं. म्हणाला, चेट्टा, मन लहान करू नका, याच सिनेमात तुमच्यासाठी एक जागा आहे. खाणवाल्याचे थोर वडील. हवेलीतल्या प्रत्येक सीनमध्ये आहेत. तुम्हाला यायचीसुद्धा गरज नाही, त्या सानोजकडून चौकट मागवतो, तुम्ही फक्त हो म्हणा.

प्रत्येक सीनमध्ये, म्हणाला. आणि खाणवाल्याचे वडील म्हटल्यावर खाण कशी उभी राहिली ते दाखवावंच लागणार. मी तोंड उघडणार होतो.

त्रेस्याने फोन माझ्या हातातून घेतला. म्हणाली, भाऊ, माझा नवरा जिवंत आहे, समोर बसून केळ्याचे वेफर्स खातोय. भिंतीवर टांगायला तो मिळणार नाही, दुसरा कुणी मेलेला बघा. आणि फोन बंद केला. मग तिथेच बसली, पदराने तोंड पुसत. माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि बराच वेळ काढला नाही.

मी तिला म्हटलं, निदान फ्लॅशबॅक आहे का, तेवढं तरी विचारायचं होतंस.